थांबमीठ पिकवतं कोण? कुमार कादंबरीमालेच्या संपादक मंडळास खुलं पत्र

मा. संपादक मंडळ, कुमार कादंबरीमाला यांस,

स. न. वि. वि.

माझ्या कादंबरीची मुद्रितं आपण पाठवलीत, त्यात मिठाच्या आगरावरची तिन्ही प्रकरणं नाहीत. आधी वाटलं, पानं गहाळ झाली असतील. फोन केल्यावर कळलं की पानं जागेवर आहेत, प्रकरणं मंडळानं ठरवून काढली. सोबत मालेच्या पुढच्या लेखकांसाठी केलेली नियमावलीही आली. तिच्यातलं एक कलम असं, की जादूच्या पदार्थाचा उपयोग सांगावा, तो कसा तयार होतो याच्या तपशिलात शिरू नये. प्रश्न फक्त माझ्या पुस्तकाचा असता तर आपल्यालाच पत्र लिहून मोकळी झाले असते. पण हा नियम उद्या दुसऱ्यांच्या गोष्टींनाही लागणार, म्हणून चारचौघांत लिहिते आहे.

ज्यांनी कादंबरी वाचलेली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. माझ्या गोष्टीतल्या राज्यात थांबमीठ नावाचं मीठ पिकतं. ते ज्याला चोळावं त्याचं वय तिथंच थांबतं. मासळी आठवडाभर ताजी राहते, देवाचा हार सुकत नाही, राजघराण्यात कुणी म्हातारं होत नाही. पण काळ थांबला की सगळंच थांबतं. राजाच्या दंडावर तरुणपणीच्या लढाईतली जखम आहे. ती चिघळत नाही आणि भरूनही येत नाही, रोज पट्टी बदलावी लागते. राजपुत्र कित्येक वर्षं नऊ वर्षांचाच आहे आणि त्याचा एक दात तेव्हापासून हलतो आहे.

हे मीठ खाली समुद्रालगतच्या आगरावर पिकतं, तेही फक्त पौर्णिमा-अवसेच्या उधाणाचं पाणी आत घेतलं तरच. भांगाच्या, म्हणजे अष्टमीच्या सुमाराच्या कमी भरतीच्या पाण्याला ते धरत नाही. वाफ्यात पहिला थर येतो तो चुनखडीसारखा, निकामी. सगळ्यात शेवटी उरतं ते पाणी कडूजहर. मधल्या एका रात्रीत जे दाणे धरतात तेवढंच खरं थांबमीठ, आणि ते उघड्या हातानंच ओढावं लागतं. ज्या हातांनी ते ओढलं त्या माणसाचं वय पुढं धावतं. वरच्या गडावर एक वर्ष वाचलं की खाली आगरावर कुणाचं तरी एक वर्ष जास्तीचं खर्च होतं. माझी नायिका सोनकी हिची आई तिशीतली आहे आणि तिचे केस पांढरेशुभ्र आहेत. शेवटी सोनकी भर उधाणात बांधाची उघाडी, म्हणजे पाणी आत-बाहेर सोडायचं दार उघडते आणि राज्यातला सगळा साठा खाडीत विरघळतो.

आपण छापायला काढलेल्या प्रतीत काय आहे? सोनकीला समुद्रातली एक परी मिठाची डबी देते. बाकी सगळं जवळजवळ तेच.

माझं यात काय गुंतलं आहे तेही सांगते. मी उरण तालुक्यातली. माझ्या आजीनं डोक्यावर चुंबळ ठेवून मिठाच्या टोपल्या वाहिल्या. हंगामाच्या तोंडाशी वाफ्याची जमीन पायांनी तुडवून घट्ट करायची असते, माणसं ओळीनं उभी राहून ठेक्यात तुडवतात. त्या तुडवण्यानं आणि खारानं तिच्या टाचांना पडलेल्या चिरा मरेपर्यंत बुजल्या नाहीत. पावसाआधी मिठाच्या राशी गवतानं शाकारायचं कामही तिचंच. आता त्या बाजूला आगर नाही, कंटेनर रचलेले असतात. थांबमिठाची कल्पना मला कुठल्या पुस्तकात सापडली नाही. आजी पन्नाशीतच सत्तरीची दिसायची आणि तिनं पिकवलेल्या मिठावर लोकांची लोणची वर्षानुवर्षं टिकायची, त्यातून ती आली. काढलेल्या प्रकरणांत आजी आहे. हे सांगितलं म्हणून आपण ती प्रकरणं दयेनं परत घ्यावीत असं माझं म्हणणं नाही. गोष्टीला त्यांची गरज का आहे ते पुढं मांडते.

पहिली तक्रार सगळ्यात मोठी आहे. आपण पदार्थ ठेवलात आणि त्याची किंमत काढून टाकलीत, त्यामुळे गोष्टीचा शेवटच निराधार झाला. परीनं फुकट दिलेलं मीठ सोनकी समुद्रात का सोडून देईल? ज्याच्यानं कुणाचंच वाईट होत नाही ते टाकून देणारी मुलगी एकतर वेडी किंवा उधळी. माझ्या प्रतीत ती उघाडी उघडते कारण तिला आईचे केस दिसतात. आपल्या प्रतीत ती उघडते कारण शेवटचं प्रकरण आलं.

आपण म्हणाल, जादूच्या गोष्टीत एवढा हिशेब कशाला? आपल्याकडच्या जुन्या गोष्टी आठवून पाहा, त्या या बाबतीत फार कडक आहेत. अमृताचीच घ्या. अमृत प्यायलं हे सांगायला एक ओळ पुरते. सगळी गोष्ट आहे ती मंथनाची. मंदार पर्वत उपटून आणायचा, वासुकीची दोरी करायची, पर्वत बुडायला लागला की खाली कूर्माला पाठ द्यावी लागते. आणि अमृताच्या आधी वर येतं ते हलाहल. ते कुणीतरी पचवल्याशिवाय पुढचं काही मिळत नाही. मग वाटप. दोरी ओढायला असुर होते, पंगतीत मात्र त्यांच्या पानावर काही पडलं नाही. एक राहू रांगेत घुसला, त्याचं डोकं उडालं, आणि ग्रहणं लागायला लागली. कष्ट, विष, वाटपातली लबाडी, चोरी आणि तिची शिक्षा, सगळं त्या एका कलशाभोवती आहे. आपल्या नियमावलीप्रमाणे ही गोष्ट लिहायची तर धन्वंतरी कलश घेऊन आले इथूनच सुरुवात करावी लागेल, आणि दुसऱ्या ओळीला ती संपेल.

स्यमंतक मण्याची गोष्ट तर गणपतीत घराघरात सांगतात, चतुर्थीचा चंद्र बघू नये म्हणून. मणी रोज आठ भार सोनं देतो. एवढ्यावर थांबलं तर नुसती एक चमत्कारी वस्तू. पण श्रीकृष्ण सुचवतात की असा मणी उग्रसेन राजाकडे असावा, आणि मण्याचा मालक सत्राजित नाही म्हणतो. रोज सोनं देणारी वस्तू एका माणसाच्या घरात असावी की राज्याच्या, हा वाद तिथंच उभा राहतो. पुढं सत्राजिताचा भाऊ प्रसेन मणी गळ्यात घालून शिकारीला जातो, त्याला सिंह मारतो, सिंहाला जांबवान मारतो आणि चोरीचा आळ येतो श्रीकृष्णांवर. मणी परत मिळाला तरी भागत नाही, त्याच्यापायी पुढं सत्राजिताचाही खून होतो. ही गोष्ट आपण पाच वर्षांच्या पोरांना मोदक खाता खाता ऐकवतो. तेव्हा कुणाला जड जात नाही.

दुसरी तक्रार मुबलकतेची. परीच्या डबीतलं मीठ कधी संपत नाही, ही भरही मंडळाचीच आहे. संतचरित्रांतली नामदेवांची कथा आपल्याला ठाऊक असेलच. परिसा भागवतांच्या घरचा परीस त्यांच्या पत्नीनं नामदेवांच्या पत्नीला, राजाईला दिला, आणि नामदेवांनी तो चंद्रभागेत टाकला. भागवत जाब विचारायला आले तेव्हा नामदेवांनी नदीतून ओंजळभर खडे काढून पुढं धरले. म्हणाले, यातला तुमचा ओळखा. लोखंड लावून पाहिलं तर सगळेच परीस! त्या क्षणी परिसाची किंमत शून्य झाली, आणि कथेला नेमकं तेच सांगायचं होतं. माझ्या गोष्टीला ते सांगायचं नाही. माझ्या राज्यात मीठ तुटपुंजं आहे म्हणून गड आहे, पहारे आहेत, चोरवाटा आहेत. मीठ न संपणारं केलंत, पण पहारे तसेच ठेवलेत. मुद्रितांच्या चौथ्या प्रकरणात दोन शिपाई रात्रभर कशावर पहारा देतात, हे कृपया मंडळानंच मला समजावून सांगावं.

तिसरी तक्रार वाचकांबद्दल. आपलं म्हणणं असं की आगर, मजुरी, जकात हे विषय कुमारांना कंटाळवाणे होतात. आमच्या गावच्या वाचनालयात शनिवारी मुलं जमतात, त्यांना मी मूळ प्रकरणं वाचून दाखवली होती. राजपुत्राच्या हलत्या दातावर अर्धा तास गेला. तो दात दोरा बांधून ओढला तर पडेल का, पडला तर नवा येईल का, नवा आलाच नाही तर तो जन्मभर बोबडा बोलेल का. मग एका सहावीतल्या मुलीनं विचारलं, सोनकीच्या आईला एका टोपलीमागं मिळतं काय? मी म्हटलं, एक पायली भात. तिनं वहीच्या मागच्या पानावर मांडलं: एका टोपलीत राजाचे किती महिने, आईचे किती महिने गेले, आणि पायलीभर भात घरात किती दिवस पुरतो. उत्तर काढून तिनं वही माझ्यासमोर सरकवली आणि म्हणाली, "बाई, हा तर तोट्याचा धंदा आहे." तिचे वडील बंदरावर ट्रेलर चालवतात. कंटाळा कुणाला आला होता ते मला दिसलं नाही.

आणि जकातीचं म्हणाल तर मिठाची जकात आपल्या इतिहासातच आहे. 1671 साली शिवाजी महाराजांनी कुडाळच्या सरसुभेदारांना पत्र पाठवलं. पोर्तुगीजांच्या गोव्यातल्या बारदेशातून येणारं मीठ स्वस्त पडतं, त्यामुळे स्वराज्यातलं मीठ पडून राहील, तेव्हा बारदेशच्या मिठावर जबर जकात घ्या, असा त्याचा मतलब. 1930 साली तर सगळा देश मिठावरून उठला. दांडीला, वडाळ्याला, शिरोड्याला लोक गेले ते चिमूटभर मिठासाठीच. मीठ कोण बनवतं आणि त्यावर हक्क कुणाचा, हा धडा शाळेच्या पुस्तकात चालतो, मग जादूच्या गोष्टीतच तो जड कसा होतो?

चौथी तक्रार लहान आहे, पण मला सलते. एक प्रसंग आपण दुसऱ्या प्रकरणात हलवून वाचवलात, त्याबद्दल आभार. मात्र त्यातली आगरावरची बायकामाणसं पुण्याच्या प्रमाण मराठीत बोलायला लागली. सोनकीची आजी म्हणायची, "पानी काय फुकट मीठ देतंय?" तिच्या तोंडी आता "समुद्र आपल्याला विनामूल्य मीठ देत नाही" असं वाक्य आहे. ते वाचून मला हसू आलं आणि मग वाईट वाटलं. राजाची भाषा आपण जशीच्या तशी ठेवलीत.

पाचवी तक्रार कायद्याची. हे सगळं मला न विचारता झालं. माझ्या करारात भाषिक संस्काराचा उल्लेख आहे, प्रकरणं काढण्याचा आणि परी घालण्याचा नाही. कॉपीराइट कायदा 1957 च्या कलम 57 नुसार, लेखकानं हक्क विकले तरी त्याच्या प्रतिष्ठेला बाध येईल अशी कृतीची मोडतोड झाल्यास हरकत घेण्याचा अधिकार त्याच्याकडेच राहतो. मला कोर्टाची पायरी चढायची हौस नाही. पण हा अधिकार आहे हे नव्यानं लिहिणाऱ्या मुलामुलींना माहीत असावं, म्हणून इथं नोंदवते.

एक गोष्ट मात्र मान्य केली पाहिजे, नाहीतर माझ्यावर उगाच आडमुठेपणाचा शिक्का बसेल. प्रत्येक जादूची उकल व्हायलाच हवी असं मी म्हणत नाही. आजीच्या गोष्टीतला घोडा उडतो, तो का उडतो हे कुणी विचारत नाही आणि विचारूही नये. काही किल्ल्यांवर तळं दाखवून सांगतात की यात परीस आहे, हत्तीच्या पायात लोखंडी साखळदंड घालून त्याला पाण्यात उतरवलं तेव्हा एक कडी सोन्याची झाली. ती गोष्ट तेवढीच छान आहे. तळ्यात परीस आला कुठून हे शोधायला गेलं तर मजा जाईल. पण तिथं त्या परिसावर कुणाचं सिंहासन उभं नाही. जिथं सगळं राज्य एका पदार्थावर चालतं, तिथं तो येतो कुठून आणि जातो कुणाकडे, हेच कथानक असतं. ते गाळून मागं काय राहतं? नुसती झगमग. आपल्या मंडळात बसणाऱ्या जाणत्या मंडळींना हा फरक कळत नाही असं मला वाटत नाही. पुस्तकाची पानं कमी करायची असतील तर तसं सरळ सांगावं, त्यासाठी मुलांना पुढं करू नये.

शिवाय माझ्या जादूचे नियम मी हवेतून काढलेले नाहीत. समुद्राच्या एक लिटर पाण्यात सुमारे 35 ग्रॅम क्षार असतात, म्हणजे किलोभर क्षारांसाठी 28-29 लिटर पाणी उन्हानं आटवावं लागतं. पाणी आटताना आधी चुन्याचे क्षार आणि जिप्सम खाली बसतं, मग खायचं मीठ धरतं, आणि उरलेल्या पाण्यात मॅग्नेशियमचे कडू क्षार राहतात. ते पाणी वेळेवर काढलं नाही तर सगळं मीठ कडवट होतं. निकामी पहिला थर आणि कडूजहर शेवटचं पाणी माझ्या गोष्टीत आलं ते इथून. आगरावरच्या माणसाला हे घनतामापी न लावता कळतं, पाण्याच्या रंगावरून आणि हाताला लागणाऱ्या चिकटपणावरून. सोनकीला तिची आई हेच शिकवते. ते प्रकरण आपण काढलंत, त्यामुळे आता पुस्तकभर सोनकीला काहीच येत नाही. तिला फक्त डबी उघडता येते.

माझ्या मागण्या अशा:

आगरावरची तीनही प्रकरणं पुस्तकात परत घ्यावीत. पानांची अडचण असेल तर दरबाराचं वर्णन मी स्वतः निम्मं करून देते, त्याला कात्री लावायला माझी हरकत नाही. परी आणि डबी काढावी.

हे मंडळाला मंजूर नसेल तर हस्तलिखित आणि त्याचे हक्क मला लेखी परत करावेत. घेतलेला आगाऊ हप्ता मी वेगळा ठेवला आहे, पत्र मिळाल्याबरोबर परत करीन.

जादूच्या पदार्थाच्या उत्पत्तीबद्दलचं कलम नियमावलीतून काढावं. ते ठेवायचंच असेल तर निदान एकदा दोन्ही प्रती कुठल्याही शाळेच्या सातवीच्या वर्गात वाचून पाहाव्यात, आणि मगच मुलांना काय जड जातं ते ठरवावं. आमचंच वाचनालय पाहिजे असा आग्रह नाही.

यापुढं मालेतल्या कुठल्याही लेखकाचं प्रकरण काढताना किंवा नवं पात्र घालताना मुद्रितं पाठवण्याआधी त्याची लेखी संमती घ्यावी. आगरी, मालवणी, वऱ्हाडी, अहिराणी, जी बोली पात्राच्या तोंडी असेल ती लेखकाला न विचारता बदलू नये.

पुस्तक दिवाळीला काढायचं आहे हे मला माहीत आहे, म्हणून मुद्रितं मी अडवून ठेवलेली नाहीत. माझ्या खुणांसह ती आजच्या कुरिअरनं निघाली आहेत. जिथं परी येते त्या प्रत्येक जागी समासात मूळ मजकुराचा पानक्रमांक घातला आहे, म्हणजे जुळवणाऱ्याला शोधाशोध करावी लागणार नाही. दुसऱ्या प्रकरणातलं आजीचं वाक्य लाल शाईनं पूर्ववत केलं आहे, तेवढं तरी कृपया कुणी पुन्हा सुधारू नये. उत्तर लेखी द्यावं, फोनवर नको.

कळावे,

आपली नम्र,
‘थांबमीठ’ची लेखिका
ता. उरण, जि. रायगड